निफाडच्या गाडीने देवळालीला: यूसुफ खान यांच्या बालपणाच्या गावी

निफाडचे नाव घेतले की बाहेरच्या माणसाला तीन गोष्टी आठवतात: थंडी, द्राक्षे आणि कांदा. डिसेंबर-जानेवारीत राज्यातल्या नीचांकी तापमानाच्या बातमीत आमच्या तालुक्याचे नाव हमखास असते. पारा फारच उतरला की बागायतदार पहाटे द्राक्षबागांत शेकोट्या पेटवतात, कारण कडाक्याच्या थंडीने मणी तडकतात. लासलगावचा कांदा बाजार, पिंपळगाव बसवंतची मोठी बाजारपेठ, ओझरचा विमान कारखाना, कुंदेवाडीचे गहू संशोधन केंद्र हे सगळे याच तालुक्यात. न्यायमूर्ती महादेव गोविंद रानडे यांचा जन्म १८ जानेवारी १८४२ रोजी निफाडलाच झाला. गोदावरी आणि कादवा जिथे भेटतात तिथले नांदूर मध्यमेश्वरचे पक्षी अभयारण्य २०२० साली रामसर यादीत गेले आणि असा मान मिळालेले ते महाराष्ट्रातले पहिले पाणस्थळ ठरले.

या तालुक्यातल्या मुस्लिम घरांचे रंगही असेच मिसळलेले. घरात दखनी, बाजारात मराठी, मदरशात उर्दू आणि मोबाईलवर जगातली कुठलीही भाषा. बागवान मंडळी फळ आणि भाजीच्या व्यापारात पिढ्यान्‌पिढ्या आहेत. पहाटे लिलाव, दुपारी माल भरणे, संध्याकाळी हिशोब. रात्री जेवणे आटोपली की अलीकडे अनेक घरांत तुर्की मालिका लागतात. २०२० च्या टाळेबंदीत ‘एर्तुग्रुल’ ही मालिका उर्दू आवाजात सगळीकडे पोहोचली आणि एंगिन आल्तान दुझयातान हे उच्चारायला अवघड नाव आपल्या मुलामुलींच्या तोंडी सहज बसले. ज्यांना आणखी गोडी लागली ते हालुक बिल्गिनेर या थोर तुर्की नटापर्यंत पोहोचले. रंगभूमी, चित्रपट, इंग्लंडमधली मालिका, तुर्की मालिका अशा सगळीकडे वेगवेगळ्या भूमिका करणारा हा माणूस. ‘शाह्सियेत’ या मालिकेत त्यांनी स्मृती हरवत चाललेला निवृत्त न्यायालयीन कर्मचारी उभा केला आणि २०१९ साली त्यांना आंतरराष्ट्रीय एमी पुरस्कार मिळाला.

मुले विचारतात, “आपल्याकडे असा कुणी झाला का? प्रत्येक वेळी वेगळाच माणूस वाटावा असा?” झाला. आणि त्याचे बालपणीचे गाव निफाडहून गाडीने दीड-दोन तासांवर आहे. गावाचे नाव देवळाली. मुलाचे नाव मोहम्मद यूसुफ खान. जगाने त्यांना दिलीपकुमार म्हणून ओळखले.

चित्रपट पाहावेत की नाहीत याबद्दल आपल्या घरांत दोन मते आहेत, आणि दोन्ही मतांची माणसे हे मासिक वाचतात. तो वाद इथे सोडवायचा नाही. एका मुस्लिम फळव्यापाऱ्याचा मुलगा आपल्या जिल्ह्यात वाढला, बापाच्या मर्जीविरुद्ध एका धंद्यात शिरला आणि त्या धंद्याला त्याने इज्जत मिळवून दिली, एवढीच हकीकत सांगायची आहे.

रेल्वेने देवळालीपर्यंत

मनमाडकडून येणारी, लहान स्थानकांवर थांबणारी गाडी निफाडला पकडावी. कसबे सुकेणे, खेरवाडी, मग गोदावरी ओलांडून ओढा, नंतर नाशिकरोड आणि त्यापुढचे स्थानक देवळाली. डब्यात भाजीच्या पाट्या, कॉलेजची मुले, दवाखान्याला निघालेली म्हातारी माणसे. खिडकीबाहेर मंडपावर चढलेल्या द्राक्षवेली, कांद्याच्या चाळी आणि ऊस. ओढ्यानंतर शहराची चाहूल लागते, आणि नाशिकरोड मागे पडले की जमीन मोकळी आणि हवा कोरडी होते.

या कोरड्या हवेसाठीच देवळाली प्रसिद्ध झाली. इंग्रजांनी इथे लष्करी छावणी उभारली. मायदेशी जाणाऱ्या जहाजाची वाट पाहत गोरे शिपाई इथे महिनोन्‌महिने पडून राहत आणि कंटाळून त्यांचे डोके फिरे. त्यावरून इंग्रजीत वेडसरपणासाठी ‘डूलॅली’ असा शब्दच रूढ झाला. तोफखान्याचे शिक्षण देणारी लष्करी संस्था आजही इथे आहे. मुंबईच्या श्रीमंत मंडळींनी हवापालटासाठी बंगले बांधले, आरोग्यधामे निघाली. रुंद रस्ते, जुनी झाडे, उतरत्या कौलारू छपरांचे बंगले अजूनही काही ठिकाणी दिसतात. १९२५ साली सुरू झालेली बार्न्स स्कूल ही निवासी शाळा याच परिसरात आहे. लहानग्या यूसुफचे काही शिक्षण या शाळेत झाले.

फळांचा व्यापारी आणि त्याचा मुलगा

यूसुफचा जन्म ११ डिसेंबर १९२२ चा, पेशावरच्या किस्सा ख्वानी बाजाराजवळचा. वडील लाला गुलाम सरवर खान फळांचे व्यापारी. मुले त्यांना आगाजी म्हणत. आई आयेशा बेगम. बारा भावंडांचे भरलेले घर. आगाजींनी धंदा मुंबईत आणला, क्रॉफर्ड मार्केटात त्यांचा फळांचा व्यवहार होता. पुढे कुटुंबाने देवळालीत बिऱ्हाड केले. पेशावरचा पठाण, मुंबईचा बाजार आणि नाशिक जिल्ह्यातले घर असा हा संसार होता.

फळांचा धंदा कसा असतो हे निफाडच्या वाचकाला सांगायला नको. माल नाशवंत. आज विकला नाही तर उद्या निम्म्या भावाने जातो, परवा फेकावा लागतो. दुसऱ्या महायुद्धाने मालाची ने-आण विस्कटली तशी आगाजींच्या धंद्यालाही ओढ बसली. मुंबईत अंजुमन-ए-इस्लाममध्ये शिकलेला, पुढे माटुंग्याच्या खालसा कॉलेजात गेलेला, फुटबॉलचा नाद असलेला यूसुफ अशा वेळी वडिलांशी खटका उडाल्याने घर सोडून पुण्याला गेला. तिथे लष्करी कॅन्टीनमध्ये नोकरी केली, मग सँडविचचा स्टॉल चालवला. एकदा स्वातंत्र्याच्या बाजूने चार शब्द बोलला म्हणून येरवड्याच्या तुरुंगात रात्र काढावी लागली. पाच हजार रुपये गाठीशी बांधून तो घरी परतला.

चित्रपटात जायचे असे काही त्याच्या मनात नव्हते. चर्चगेट स्थानकावर ओळखीचे डॉ. मसानी भेटले, ते बॉम्बे टॉकीजला निघाले होते, त्यांनी बरोबर नेले. मालाडच्या त्या स्टुडिओच्या मालकीण देविकाराणी यांनी या लाजाळू तरुणाला उर्दू येते का, एवढे विचारले आणि नोकरी देऊ केली. पगार साडेबाराशे रुपये. यूसुफला वाटले, हे वर्षाचे असणार. दरमहाचे आहेत हे कळल्यावर विश्वास बसेना. कारण खालसा कॉलेजातला दोस्त राज कपूर याच धंद्यात होता आणि त्याला १७० रुपये मिळत होते.

नाव आणि भीती

देविकाराणींनी पडद्यासाठी वेगळे नाव सुचवले. आज या नावबदलाबद्दल बरेच बोलले जाते. बाजाराचा हिशोब त्यात होताच. पण यूसुफ खान यांनी आपल्या आत्मकथेत दुसरेही एक कारण सांगितले आहे. त्यांना आगाजींची भीती वाटत होती. आगाजींच्या मते नट म्हणजे नौटंकीवाला. पेशावरचे त्यांचे दोस्त दिवाण बशेश्वरनाथ कपूर यांना ते नेहमी टोमणा मारत, की तुमच्यासारख्या घरचा मुलगा पृथ्वीराज हे काय करतो आहे! अशा बापाला स्वतःचा मुलगा त्याच धंद्यात आहे हे कसे सांगायचे? दुसऱ्या नावाच्या आडोशाला काही काळ तरी लपता आले असते.

पहिला चित्रपट ‘ज्वार भाटा’ १९४४ साली आला. १९४७ च्या ‘जुगनू’ने नाव झाले आणि आडोसा संपला. क्रॉफर्ड मार्केटाजवळ ‘जुगनू’चा मोठा फलक लागला होता. बशेश्वरनाथजींनी आगाजींना तो दाखवला आणि इतक्या वर्षांच्या टोमण्यांची परतफेड केली. आगाजींनी मुलाशी बोलणे टाकले. एकाच घरात, एकाच दस्तरख्वानावर बाप आणि मुलगा गप्प. शेवटी पृथ्वीराज कपूर यांनाच मध्यस्थीला यावे लागले.

दिलजमाई झाली, पण घरावर पुढचे आघात लवकर आले. १९४८ साली अम्मांचा इंतकाल झाला आणि १९५० साली आगाजींचा. दोघेही देवळालीच्या मातीत विसावले आहेत. धाकट्या भावंडांची जबाबदारी या ‘नौटंकीवाल्या’ मुलाच्या खांद्यावर आली आणि त्याने ती उचलली. ज्या कमाईची लाज वाटत होती, त्याच कमाईवर सरवर खानांचे घर उभे राहिले.

कानाने शिकलेली कला

यूसुफ खान कुठल्या नाट्यशाळेत गेले नाहीत. हालुक बिल्गिनेर अंकाराच्या राज्य संगीत-नाट्यशाळेत आणि मग लंडनमध्ये शिकले. आपल्या या नटाची शाळा घर, बाजार आणि छावणी हीच होती. घरची बोली हिंदको, पठाणांची पश्तो, शाळेतली इंग्रजी, उर्दू, बाजारातली मराठी आणि गुजराती. पुढे बंगाली, पंजाबी, फारसीही आली. ते मराठी बोलत, हे आपल्या वाचकांनी आवर्जून लक्षात ठेवावे.

या कानाचा सर्वांत मोठा पुरावा म्हणजे १९६१ चा ‘गंगा जमना’. हा चित्रपट त्यांनी स्वतः काढला. त्यातला गंगा हा अवध-पूरबकडच्या खेड्यातला गडी आहे आणि तो सगळा वेळ तिकडचीच बोली बोलतो. त्या काळी मोठ्या नायकाने खेडवळ बोली बोलणे ही जोखीम होती. लोकांना कळेल का, शहरातला प्रेक्षक हसेल का, असे प्रश्न होते. पण ही बोली त्यांनी पुस्तकातून उचललेली नव्हती. देवळालीच्या घरी तिकडचा एक माळी होता. त्याचे बोलणे त्यांच्या कानांवर लहानपणी पडले होते, आणि वीस-पंचवीस वर्षांनी ते पडद्यावर आले. घरच्या नोकरमाणसाचे बोलणे मालकाच्या मुलाने इतक्या आदराने मनात जपून ठेवावे, हा त्यातला मला सर्वांत मोलाचा भाग वाटतो.

‘कोहिनूर’मध्ये (१९६०) सतार वाजवण्याचे दृश्य होते. नुसती बोटे हलवून भागले असते. पण त्यांनी उस्ताद अब्दुल हलीम जाफर खान यांच्याकडे सतार शिकायला घेतली, कारण हात खोटे बोलले तर चेहराही खोटा पडतो. ‘मधुमती’च्या (१९५८) वेळी नैनितालकडे घेतलेले बरेचसे चित्रण खराब निघाले. तेव्हा पुढचे काम आपल्याच जिल्ह्यात, इगतपुरीजवळच्या वैतरणा धरणापाशी खोटी पाइनची झाडे उभी करून पुरे झाले. आजही तो चित्रपट पाहताना कुठला डोंगर कुमाऊँचा आणि कुठला इगतपुरीचा हे सांगता येत नाही.

सुरुवातीची वर्षे ते दुःखी भूमिकांत इतके बुडाले, की ‘दीदार’, ‘दाग’, ‘देवदास’ करता करता त्यांच्या मनावरच परिणाम झाला. लंडनच्या डॉक्टरांनी सल्ला दिला, हलक्याफुलक्या भूमिका करा. त्यातून १९५५ चा ‘आझाद’ आला, पुढे ‘कोहिनूर’ आणि १९६७ चा ‘राम और श्याम’. रडवणाऱ्या माणसाने हसवूनही दाखवले. ‘नया दौर’मधला टांगेवाला, ‘मुग़ल-ए-आज़म’मधला शहजादा आणि ‘गंगा जमना’तला बंडखोर गडी हा एकच माणूस आहे, हे नव्या पिढीला सांगितले तर खरे वाटत नाही. साऱ्या कारकिर्दीत त्यांनी साठ-पासष्ट चित्रपटच केले. निवडून घ्यायचे आणि एका वेळी एका कामात जीव ओतायचा, ही त्यांची पद्धत. ‘लॉरेन्स ऑफ अरेबिया’तली भूमिकाही त्यांनी नाकारली. ती पुढे इजिप्तच्या ओमर शरीफ यांनी केली.

वय झाल्यावर पुष्कळ नट तरुण दिसायची धडपड करतात. यूसुफ खान काही वर्षे थांबले आणि बापाच्या भूमिका घेऊन परतले. १९८२ च्या ‘शक्ती’त ते कर्तव्यकठोर पोलीस अधिकारी आहेत आणि मुलगा अमिताभ बच्चन. बापलेकांत अबोला आहे. पडद्यावरचा तो ताठ, आतून तुटलेला बाप पाहताना मला ‘जुगनू’च्या फलकासमोर उभ्या असलेल्या आगाजींची आठवण येते. त्या भूमिकेसाठी त्यांना आठव्यांदा फिल्मफेअरचा सर्वोत्कृष्ट अभिनेत्याचा पुरस्कार मिळाला.

नाशिक जिल्ह्याचे देणे

नाशिक जिल्हा आणि चित्रपट यांचे नाते यूसुफ खानांच्याही आधीचे आहे. दादासाहेब फाळके त्र्यंबकेश्वरचे, जन्म १८७० चा. ‘राजा हरिश्चंद्र’ १९१३ साली मुंबईत झाल्यावर त्यांनी आपला सारा कारखाना नाशिकला हलवला. त्यांच्याकडे अण्णा साळुंके नावाचा नट होता, मूळचा खाणावळीत काम करणारा. १९१७ च्या ‘लंकादहन’मध्ये रामही त्यानेच केला आणि सीताही. बहुरूपी नटांची परंपरा आपल्या जिल्ह्यात अशी शंभर वर्षांची आहे. याच फाळक्यांच्या नावाचा सर्वोच्च पुरस्कार देवळालीच्या यूसुफ खानांना १९९४ चा मिळाला, तेव्हा एक वर्तुळ पुरे झाले.

मात्र मानमरातबाबरोबर संशयही वाट्याला आला. १९९८ साली पाकिस्तानने त्यांना ‘निशान-ए-इम्तियाज’ दिला. पुढच्या वर्षी कारगिलचे युद्ध झाले आणि तो पुरस्कार परत करा म्हणून त्यांच्यावर दबाव आला. निष्ठेचे प्रश्न विचारले गेले. त्यांनी पंतप्रधान अटलबिहारी वाजपेयी यांचा सल्ला घेतला आणि पुरस्कार परत केला नाही. पद्मभूषण मिळालेल्या, मुंबईचे शेरीफ राहिलेल्या माणसालाही हा प्रश्न चुकला नाही, हे आपल्या घरांना वेगळे समजावून सांगायला नको. त्यांनी आवाज न चढवता उत्तर दिले आणि काम चालू ठेवले. २००० ते २००६ या काळात ते राज्यसभेत होते.

आणखी एक गोष्ट आपल्याकडे फार कमी बोलली जाते. महाराष्ट्रात मागास मुस्लिम जमातींना ओबीसी सवलती मिळाव्यात म्हणून जालन्याचे शब्बीर अन्सारी यांनी चळवळ उभी केली, तेव्हा यूसुफ खान तिच्या पाठीशी उभे राहिले. बागवान, पिंजारी, अत्तार, मोमीन अशा कष्टकरी बिरादऱ्यांची बाजू त्यांनी सभांतून मांडली. फळांच्या टोपल्यांमध्ये वाढलेल्या माणसाला बागवानाचे दुखणे पुस्तकात वाचावे लागले नाही. आज आपल्या तालुक्यात जी मुले त्या दाखल्यावर इंजिनिअरिंगला किंवा नर्सिंगला गेली, त्यांच्या घरी हे ठाऊक असायला हवे.

जायचे असेल तर

देवळालीला हिवाळ्यात जावे. सकाळी निफाडहून निघाले तर संध्याकाळपर्यंत आरामात परत येता येते. छावणीच्या भागात लष्कराचे नियम असतात. मनाई असेल तिथे थांबू नये, फोटो काढू नयेत. बाजारात चहा घ्यावा, जुन्या बंगल्यांच्या रस्त्याने पायी फिरावे. कब्रस्तानात गेलात तर पर्यटक म्हणून जाऊ नये. सलाम करावा, फातिहा पढावी आणि निघावे. बरोबर मुले असतील तर त्यांना सांगावे, की ज्या आई-वडिलांनी बारा लेकरे वाढवली, दूरच्या मुलखातून येऊन या जिल्ह्याला आपले म्हटले, ती इथे आहेत. त्यांचा मुलगा मात्र इथे नाही. ७ जुलै २०२१ रोजी, ९८ व्या वर्षी मुंबईत त्यांचा इंतकाल झाला. शासकीय इतमामात सांताक्रूझच्या जुहू कब्रस्तानात दफन झाले. १९६६ पासून सोबत असलेल्या सायरा बानो शेवटपर्यंत त्यांच्या उशाशी होत्या.

तुर्की मालिकांचे कौतुक करायला हरकत नाही. एके काळी राज कपूर यांचा ‘आवारा’ तुर्कस्तानात असाच घरोघरी पोहोचला होता. कला अशी ये-जा करते. पण दूरच्या नटाची सगळी माहिती असलेल्या आपल्या मुलांना जवळच्या देवळालीचीही माहिती असावी.

आपल्या घरांत आजही एखादा मुलगा किंवा मुलगी असे काही करायचे म्हणते, ज्याचे नाव आजोबांनी ऐकलेले नसते. कुणाला चित्रे काढायची असतात, कुणाला कॅमेरा हवा असतो, कुणाला द्राक्षाची बाग सोडून प्रयोगशाळेत जायचे असते. अशा वेळी आगाजी आठवावेत. त्यांचा राग खोटा नव्हता. घराण्याची इज्जत त्यांना प्यारी होती. त्यांना ठाऊक नव्हते ते इतकेच, की ती इज्जत हाच मुलगा वाढवणार आहे. म्हणून अबोला धरण्याआधी मुलाला एकदा समोर बसवावे, तो काय काम करतो आणि किती मनापासून करतो ते पाहावे, आणि मग आपले मत ठरवावे.